फटफटीचे दैवत

दसऱ्याला फटफटीला झेंडूची माळ घालताना आपल्याला काही वावगे वाटत नाही. पोटाला मिळवून देणाऱ्या हत्याराची ती पूजा असते. परंतु हत्यारच दैवत होऊन बसले तर? एका छोट्या अमेरिकन चित्रपटाने हा प्रश्न माझ्या मागे लावून दिला.

'स्कॉर्पिओ रायझिंग' हे त्याचे नाव. आपल्या पत्रिकेच्या भाषेत वृश्चिक लग्न! केनेथ अँगर (१९२७–२०२३) याने न्यूयॉर्कच्या ब्रुकलिन भागातील फटफटीवाल्या तरुणांना घेऊन तो काढला. १९६३ साली तो पडद्यावर आला. लांबी अवघी २८ मिनिटे. पात्रांना संवाद नाहीत. त्यांऐवजी त्या काळची १३ लोकप्रिय गाणी एकामागून एक वाजतात.

आरंभी तरुण आपापली यंत्रे जुळवीत, पुशीत बसलेले दिसतात. मग कातडी जाकीट, बूट, साखळ्या असा साज चढतो. नायकाच्या खोलीत जेम्स डीनची चित्रे आहेत. हा नट १९५५ साली, वयाच्या २४ व्या वर्षी, मोटारच्या अपघातात गेला होता. ज्याचा वेगाने बळी घेतला, त्याचीच तसबीर! येशूवरील एका धार्मिक चित्रपटाचे रीळ चुकून आपल्या दारी आले, असे अँगर सांगत असे. त्यातील शिष्यांसह चालणारा येशू त्याने या टोळक्याच्या धिंगाण्यात गुंफला. पुढे हिटलर येतो, स्वस्तिकाचे ध्वज येतात. जणू तो विचारतो: तरुणांना मागे यायला कोणीतरी हवेच असते, मग पुढे कोण आहे? शेवटी शर्यत, अपघात आणि लाल दिव्याची उघडझाप.

१९६४ साली लॉस एंजेलिसमध्ये हा चित्रपट दाखविणाऱ्या थिएटरच्या व्यवस्थापकावर अश्लीलतेचा खटला झाला. तो दोषी ठरला. पुढे अपिलात निकाल फिरला. २०२२ साली तोच चित्रपट अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट-संग्रहात जतनासाठी निवडला गेला. कोर्टाने उघडी अंगे तपासली. त्या लाल दिव्याकडे मात्र कुणाचे लक्ष गेले नसावे.

मी तरी कुठे पाहिले? माझा एक जुना विद्यार्थी नवी फटफटी घेतल्यावर पेढे घेऊन आला होता. "सर, बसा ना मागे," म्हणाला. मी हसून गाडीची तारीफ केली, पण "सावकाश जा रे" एवढे दोन शब्द बोललो नाही. पुढल्या दिवाळीला तो नव्हता.

आता दारात कुणाचीही गाडी सुरू झाली की मी बाहेर येतो. ते दोन शब्द बोलतो. पोरे हसतात. हसू देत.