तळटीप : फ्रेडरिक वाइझमन

* अमेरिकन माहितीपटकार. जन्म बॉस्टन, १९३०. मूळचे कायद्याचे पदवीधर. निवेदन नाही, मुलाखती नाहीत, वरून चढवलेले पार्श्वसंगीत नाही, ही त्यांची रीत. चित्रीकरणाच्या वेळी मायक्रोफोन स्वतःच्या हाती आणि पुढे महिनोन्‌महिने चालणारे संकलनही स्वतःच करायचे. इस्पितळ, शाळा, पोलीस, सरकारी मदत-कचेरी (‘वेल्फेअर’, १९७५) अशा संस्था हेच त्यांचे विषय.

लेखक त्यांना ‘तटस्थ’ म्हणतात, ते तितकेसे पटत नाही. ‘टिटिकट फॉलीज’ (१९६७) या पहिल्याच चित्रपटात मॅसॅच्युसेट्समधील मनोरुग्ण कैद्यांच्या इस्पितळात एकाला नाकातून नळी घालून बळेच अन्न भरवले जाते. डॉक्टरच्या तोंडात सिगारेट, तिची राख नरसाळ्यावर लोंबते आहे. मध्येच त्याच माणसाचे प्रेत सजवतानाची दृश्ये येतात. ही जोडणी कॅमेऱ्याने नव्हे, संकलकाने केलेली आहे; आणि संकलक म्हणजे वाइझमनच. रुग्णांच्या खासगीपणाचे कारण देऊन राज्याच्या न्यायालयाने या चित्रपटाच्या सार्वजनिक प्रदर्शनावर बंदी घातली. डॉक्टर, वकील अशा व्यावसायिकांना तेवढी पाहण्याची मुभा होती. बंदी उठली १९९१ मध्ये. — संपा.