वाईचे गड आणि बचावाची मुदत

वाई गावाभोवतीच्या डोंगरांत चार गड आहेत. उत्तरेला पांडवगड, त्याच्या वायव्येस केंजळगड, पश्चिमेला कृष्णेच्या खोऱ्यात कमळगड आणि आग्नेयेला वैराटगड. खालून पाहणाऱ्याला हे सारे अभेद्य वाटतात. सरळसोट कातळकडे, एकच अवघड वाट, माथ्यावर पाण्याची टाकी. तरीही १८१८ च्या मोहिमेत या परिसरातले गड कोणत्याही दीर्घ वेढ्याशिवाय इंग्रजांच्या हाती गेले.

याची दोन ठरावीक उत्तरे दिली जातात. एक फितुरी, दुसरे इंग्रजी तोफा. दोन्हींत तथ्य आहे, परंतु त्यांनी एका मूळ प्रश्नाला बगल मिळते. डोंगरी किल्ला नेमके कोणते काम करू शकतो आणि कोणते करू शकत नाही?

स्पर्धात्मक व्हिडिओ गेम खेळणाऱ्यांना या प्रश्नाचे स्वरूप चटकन कळेल. अशा खेळांत ढालीसारखी एखादी बचावशक्ती असते. ती काही क्षण प्रत्येक वार झेलते आणि मग संपते. पुन्हा मिळेपर्यंत थांबावे लागते. काही वार तिला बाजूने चुकवून येतात. कसलेला खेळाडू ढालीमागे दडून राहत नाही. तिने मिळवून दिलेल्या क्षणांत तो आपली पुढची चाल पूर्ण करतो. सतराव्या शतकातील किल्ल्यांची गोष्टही याहून फार वेगळी नव्हती. किल्ला मुदत देत असे. त्या मुदतीत काय करायचे, हे किल्ल्याबाहेर ठरत असे.

या विचाराचे पहिले ठळक उदाहरण वाईशीच जोडलेले आहे. आदिलशाहीत वाई हे सुभ्याचे ठिकाण होते आणि अफझलखान येथे काही वर्षे सुभेदार होता. हा मुलूख त्याच्या ओळखीचा होता. १६५९ मध्ये शिवाजी महाराजांवर चालून येताना त्याने वाईलाच तळ दिला. येथे सपाटी होती, नदीचे पाणी होते, घोडदळाला चारा होता. मोठ्या फौजेला जे हवे ते सारे वाईत होते.

महाराज मात्र वाईला आले नाहीत. जावळी त्यांनी १६५६ मध्ये घेतली होती आणि पारघाटावर नजर ठेवणारा प्रतापगड मोरोपंत पिंगळ्यांच्या देखरेखीखाली उभा राहिला होता. वकिलांच्या येण्याजाण्यातून खानालाच वाईची सपाटी सोडून जावळीच्या अरण्यात उतरावे लागले. भेट १० नोव्हेंबर १६५९ रोजी झाली. त्यानंतर जे घडले त्यात प्रतापगडाच्या तटावर एकही हल्ला झाला नाही. रानात आधीच पेरून ठेवलेल्या मराठी तुकड्या खानाच्या फौजेवर तुटून पडल्या. मोकळ्या मैदानात जे घोडदळ भारी ठरले असते, त्याला येथे वळायलाही जागा नव्हती.

प्रतापगडाने त्या दिवशी शत्रूला अडवले नाही, त्याला आपल्याला हव्या त्या जागी आणले. पुढच्या अठरा दिवसांत पन्हाळा मराठ्यांकडे आला. बचावाच्या साधनाचा हा सर्वोत्तम वापर होता, कारण लढाईचा निकाल त्या साधनावर सोपवलेला नव्हता.

याच्या उलट अनुभव पुढच्याच वर्षी पन्हाळ्यावर आला. मार्च १६६० मध्ये सिद्दी जौहरने पन्हाळ्याला वेढा घातला तेव्हा महाराज स्वतः आत होते. पन्हाळा विस्तीर्ण आणि मजबूत होता. तट पडला नाही, परंतु राजा आत अडकला. त्याच सुमारास शायिस्ताखान पुण्याच्या मुलखात उतरला होता. नेताजी पालकरांचा बाहेरून वेढा फोडण्याचा प्रयत्न यशस्वी झाला नाही आणि पावसाळ्यातही जौहरने वेढा उठवला नाही.

येथे किल्ल्याची एक मर्यादा उघडी पडली. जो तट शत्रूला बाहेर ठेवतो, तोच रक्षणकर्त्यालाही आत कोंडतो. वेढा जितका लांबेल तितका बाहेरचा मुलूख धन्यावाचून राहतो. जुलैच्या मध्यावर, भर पावसाच्या रात्री महाराज पन्हाळ्यावरून निसटून विशाळगडाकडे गेले. त्या वाटेवर बाजीप्रभू देशपांडे आणि त्यांच्या सोबत्यांनी प्राण देऊन खिंड अडवली. पुढे पन्हाळा आदिलशाहीला परत द्यावा लागला. गड गेला, राज्य राहिले. गडाच्या वेढ्यात स्वतः महाराज अडकल्याचा प्रसंग त्यानंतर पुन्हा आला नाही.

दुसरी मर्यादा १६६५ मध्ये पुरंदरावर दिसली. पुरंदराला लागूनच वज्रगड आहे. मिर्झाराजे जयसिंग आणि दिलेरखान यांनी आधी वज्रगडावर तोफा चढवून तो एप्रिलमध्ये घेतला आणि तेथून पुरंदराच्या माचीवर मारा सुरू केला. मुरारबाजी देशपांडे पडल्यानंतरही शिबंदी लढत राहिली. परंतु शेजारची उंची शत्रूच्या हाती गेली की स्वतःच्या उंचीचा उपयोग निम्मा होतो.

त्याच मोहिमेत जयसिंगाने आणखी एक गोष्ट केली. त्याने तुकड्या पाठवून राजगडासारख्या गडांच्या पायथ्याची गावे जाळली आणि लुटली. किल्ला स्वतःचे रक्षण करतो, पायथ्याच्या रयतेचे करत नाही. गडावरचे धान्य, चारा, मजूर आणि शिबंदीची माणसे त्याच गावांतून येत असत. जूनमधील तहात महाराजांनी २३ किल्ले दिले आणि १२ राखले. रयत उद्ध्वस्त होत असताना तट राखून काय साधणार, हा विचार त्या तहामागे असावा.

पुढच्या काळात तह मोडला आणि किल्ले परत येऊ लागले. वाईच्या खोऱ्यातला पांडवगड १६७३ मध्ये, तर केंजळगड १६७४ मध्ये स्वराज्यात आला. गेलेला गड परत घेता येतो, हा धडा मराठ्यांच्या युद्धपद्धतीत कायमचा रुजला. त्याची खरी परीक्षा औरंगजेबाच्या अखेरच्या मोहिमेत झाली.

डिसेंबर १६९९ मध्ये बादशहा स्वतः साताऱ्याच्या अजिंक्यताऱ्यासमोर येऊन बसला. किल्लेदार प्रयागजी प्रभू होते. एप्रिल १७०० मध्ये मोगलांनी तटाखाली सुरुंग उडवले. एका स्फोटाने आतली माणसे दगावली. दुसऱ्या स्फोटात तटाचा भाग बाहेरच्या बाजूला ढासळला आणि हल्ल्यासाठी सज्ज असलेले मोगल सैनिकच मोठ्या संख्येने त्याखाली गाडले गेले. मार्चमध्ये राजाराम महाराजांचे सिंहगडावर निधन झाले होते. अखेर एप्रिल संपण्याआधी गड मोगलांच्या स्वाधीन झाला.

अजिंक्यतारा पडला, या एका ओळीत ही गोष्ट संपत नाही. हिंदुस्थानच्या बादशहाचे चार महिने एका डोंगरासमोर खर्ची पडले. लगेच परळी, म्हणजे आजचा सज्जनगड, घेण्यात पावसाळा उजाडला आणि परतीच्या वाटेवर बादशाही छावणीचे अतोनात हाल झाले. या काळात धनाजी जाधवांसारखे सरदार मोकळ्या मुलखात फिरत होते, मोगलांची रसद तोडत होते, ठाणी लुटत होते. पुढच्या वर्षांत अनेक किल्लेदारांनी शक्य तितके दिवस लढून, मग रक्कम घेऊन गड खाली केले. बादशाही फौज पुढे सरकली की तेच गड मराठ्यांनी परत घेतले. साताराही परत आला आणि जानेवारी १७०८ मध्ये शाहू महाराजांचा राज्याभिषेक तेथेच झाला.

या अनुभवाचे सार रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात सापडते. त्यातील दुर्गप्रकरण किल्ल्यांचे महत्त्व ठासून सांगते, पण त्याचा बराचसा भाग किल्ला कोठे दुबळा पडतो याच्या नोंदीचाच आहे. गड बांधण्याआधी पाणी पाहावे. एका झऱ्यावर विसंबू नये, राखीव साठा ठेवावा. गडाशेजारी त्यावर मारा करू शकेल असा डोंगर नसावा. दारूखाना वस्तीजवळ नसावा. दरवाजा एकच असू नये, चोरवाटा असाव्यात. गडाचा कारभारही हवालदार, सबनीस आणि कारखानीस अशा निरनिराळ्या अधिकाऱ्यांत वाटलेला असे, म्हणजे एकाच माणसाच्या मनात आले म्हणून गड शत्रूला मिळू नये. अभेद्य किल्ला असतो असा भ्रम असलेल्या माणसाने हे नियम लिहिले नसते. यातल्या प्रत्येक नियमामागे कोठेतरी गमावलेला गड आहे.

आता पुन्हा १८१८ कडे. नोव्हेंबर १८१७ मध्ये खडकीच्या लढाईनंतर पुणे इंग्रजांच्या हाती गेले. दुसरा बाजीराव पाठलाग चुकवत फिरत राहिला. फेब्रुवारी १८१८ मध्ये साताऱ्याचा किल्ला फारसा प्रतिकार न होता पडला आणि एल्फिन्स्टनने जाहीरनामा काढून छत्रपतींना राज्य देण्याचे आश्वासन दिले. त्याच महिन्यात आष्टीच्या लढाईत बापू गोखले पडले आणि छत्रपती प्रतापसिंह इंग्रजांच्या छावणीत आले. मार्चच्या आरंभी सिंहगड, मध्यावर पुरंदर गेला. त्यानंतर वाईच्या खोऱ्यातल्या गडांची पाळी आली.

या क्रमात गडांच्या पतनाचे कारण दडले आहे. केंजळगडाच्या किंवा पांडवगडाच्या शिबंदीने दोन महिने तग धरला असता, तर त्या दोन महिन्यांत बाहेर कोण काय करणार होते? वेढा फोडायला येणारी फौज आष्टीला मोडली होती. ज्या छत्रपतींच्या नावाने गड राखायचा, ते प्रतिपक्षाच्या छावणीत होते आणि त्यांच्याच नावाने जाहीरनामे निघत होते. ज्या पेशव्यासाठी लढायचे तो मुलूख सोडून पळत होता. गड अजूनही मुदत देऊ शकत होता. त्या मुदतीचा उपयोग करणारा कोणी उरला नव्हता.

तोफांचा भाग खरा आहे, पण त्याचाही अर्थ जुन्या नियमांतूनच लागतो. उखळी तोफांचे गोळे तटाला भिडत नसत. ते तटावरून आत पडून फुटत आणि घरे, कोठारे पेटवत. कोयनेच्या खोऱ्यातला वासोटा एप्रिलमध्ये पडला, तो शेजारच्या जुन्या वासोट्यावर तोफा चढवल्यावर. रायगडावर समोरच्या पोटल्याच्या डोंगरावरून मारा झाला, वाडे पेटले आणि १० मे रोजी गड स्वाधीन झाला. शेजारच्या उंचीचा धोका पुरंदरावर दीडशे वर्षांपूर्वी दिसला होता, आज्ञापत्रात लिहिलाही गेला होता. नव्या तोफांनी तो अधिक झटपट आणि अधिक दूरवरून प्रत्यक्षात आणला.

म्हणून १८१८ च्या लहान गडांवरील किल्लेदारांना सरसकट फितूर ठरवणे अन्यायाचे आहे. काहींनी पैसे घेतले असतील, काही घाबरले असतील. परंतु १७०० च्या काळात पैसे घेऊन गड सोडणाऱ्यांकडे आपण युक्तीबाज म्हणून पाहतो, कारण त्यांचा गड परत घेणारे बाहेर कोणीतरी होते. १८१८ मध्ये तेच कृत्य शेवटचे ठरले. फरक गडावरच्या माणसांत कमी आणि गडाबाहेरच्या परिस्थितीत अधिक होता.

आजही पांडवगडावर कातळात खोदलेली टाकी दिसतात. कमळगडावर तटबंदी जवळजवळ नाहीच, कड्यावरच भिस्त आहे. माथ्यावर जमिनीच्या पोटात खोल उतरत जाणारी कावेची विहीर आहे. केंजळगडावर चढताना कातळात कोरलेल्या लांबच लांब पायऱ्या लागतात. ज्यांनी हे खोदले त्यांनी किती माणसांना किती महिने पाणी पुरेल याचा हिशेब केला होता. तो हिशेब संपेपर्यंत खालच्या खोऱ्यातून कोणीतरी मदतीला येईल, हे त्यांनी गृहीत धरले होते.