कचारगडची शिळा, नागपूरची पाटी

माघ पौर्णिमा जवळ आली की गोंदिया–दुर्ग रेल्वेमार्गावरच्या दरेकसा स्थानकात माणसांचे जथेच्या जथे उतरतात. महाराष्ट्राबरोबरच मध्य प्रदेश, छत्तीसगड, तेलंगणातूनही लोक येतात. खांद्यावर सप्तरंगी झेंडा आणि तोंडी ‘जय सेवा’. सगळ्यांची वाट एकच असते, सालेकसा तालुक्यातल्या धनेगावमार्गे कचारगडच्या गुहेकडे जाणारी.

या गुहेची कथा गोंड समाजात घरोघर ठाऊक आहे. काली कंकालीची मुले या गुहेत कोंडली गेली आणि तोंडावर प्रचंड शिळा बसवली गेली. पारी कुपार लिंगो आणि जंगो यांनी त्यांना सोडवले. शिळा हलवण्याची शक्ती मिळाली ती हिरासुका पाटालीर या वादकाच्या संगीतातून. मुले बाहेर आली. पण सरकलेल्या शिळेखाली हिरासुका मात्र चिरडला गेला. कथेचे पाठ अनेक आहेत. नागपुरात राहून गोंडांविषयी टिपणे करणारे स्कॉटिश मिशनरी स्टीफन हिस्लॉप यांनी लिंगोचे दीर्घगीत जमवले होते आणि त्यांच्या मृत्यूनंतर, 1866 मध्ये, ते छापले गेले. त्या पाठात तपशील वेगळे आहेत, पण गुहा, शिळा आणि सुटका आहेच.

इतिहासाचा अभ्यासक म्हणून मी या कथेला सनावळी चिकटवणार नाही. मला महत्त्वाचे वाटते ते तिचे गणित. ही कथा तीन गोष्टी विसरू देत नाही: शिळा कुणी लावली, कुणी हटवली आणि तिच्याखाली कोण गेले. सुटकेच्या आनंदातही चिरडलेल्याचे नाव घेतले जाते.

हेच तीन प्रश्न आपल्या काळातल्या एका घटनेला विचारून पाहू. 23 नोव्हेंबर 1994. नागपुरात विधिमंडळाचे हिवाळी अधिवेशन चालू होते. पिढ्यान्‌पिढ्या गावची गुरे राखणारा गोवारी समाज हजारोंच्या संख्येने मोर्चा घेऊन आला. बायका होत्या, कडेवर लेकरे होती. तेव्हाच्या भंडारा जिल्ह्यातूनही, म्हणजे आजच्या गोंदियाच्या गावांतूनही, माणसे आली होती. मागणी कागदावर लहान दिसते. अनुसूचित जमातींच्या यादीत ‘गोंड गोवारी’ अशी नोंद आहे. ती आमचीच, असे या समाजाचे म्हणणे. 1985 च्या शासन निर्णयाने ती वाट अडवली होती. दिवसभर लोक निवेदन घ्यायला मंत्री येतील म्हणून थांबले. संध्याकाळी गर्दी रेटली गेली, पोलिसांच्या लाठ्या चालल्या, पळायला जागा नव्हती. 114 माणसे गेली. त्यांत बायका आणि मुले मोठ्या संख्येने होती.

आदिवासी विकासमंत्री मधुकर पिचड यांनी राजीनामा दिला. न्यायमूर्ती दाणी यांचा चौकशी आयोग बसला. त्याने कुणा एकावर दोष ठेवला नाही. म्हणजे ‘शिळा कुणी लावली’ या प्रश्नापुढची जागा सरकारदप्तरी कोरीच राहिली. दप्तरात शब्द आहे ‘चेंगराचेंगरी’. समाज म्हणतो ‘हत्याकांड’, आणि मेलेल्यांना म्हणतो ‘शहीद’. चेंगराचेंगरी आपोआप होते, तिला कर्ता नसतो. हत्याकांडाला कर्ता असतो. एवढा फरक या दोन शब्दांत आहे.

शब्दांची ही ओढाताण आपल्याकडेच होते असे नाही. इंग्लंडात मँचेस्टरच्या सेंट पीटर्स मैदानावर 16 ऑगस्ट 1819 रोजी मताधिकार मागणाऱ्या शांत सभेवर घोडेस्वार घातले गेले आणि माणसे मारली गेली. ‘पीटरलू’ म्हणतात त्या घटनेला. तिथे 1972 मध्ये पाटी लागली, तर तिच्यावर लिहिले होते की सैन्याने जमाव पांगवला! मृतांचा उल्लेखच नाही. लोकांनी पाठपुरावा केला तेव्हा 2007 मध्ये पाटी बदलली आणि मृतांची व जखमींची संख्या तिच्यावर आली. घटनेला तोवर 188 वर्षे झाली होती.

नागपुरात झिरो माइलजवळ गोवारी स्मारक उभे आहे. दर 23 नोव्हेंबरला गावोगावची माणसे तिथे येऊन डोके टेकवतात. जवळच्या उड्डाणपुलाला ‘आदिवासी गोवारी शहीद’ हे नाव दिले आहे. आता न्यायालयात काय झाले ते पाहा. 1995 मध्ये या समाजाला विशेष मागास प्रवर्गात घेतले गेले. 2018 मध्ये उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने गोवारी हेच गोंड गोवारी असे मानले. 2020 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय रद्द केला. म्हणजे पुलाच्या पाटीवर हा समाज आदिवासी आहे, दाखल्यावर नाही. कायद्याचा कीस काढणे न्यायालयाचे काम, त्यात मी पडत नाही. पण मेलेल्यांना जो शब्द आपण बहाल केला, तोच त्यांच्या नातवंडांना नाकारला जातो, ही विसंगती नजरेआड करता येत नाही.

स्मारक बांधले की आठवण सरकारजमा झाली, असे आपल्याला वाटू लागते. दगड उभा राहतो, वर्षातून एकदा फुले वाहिली जातात आणि प्रश्न मिटल्यासारखा वाटतो. कचारगडची रीत निराळी आहे. तिथे कुणी बांधलेला स्तंभ नाही, आहे तो डोंगर. आठवण ठेवायची तर तो पायांनी चढावा लागतो, दरवर्षी, पोराबाळांसकट. चढताना म्हातारी माणसे नातवंडांना गोष्ट सांगतात आणि ती शिळा सरकल्यावर संपत नाही. हिरासुकाचे नाव घेतल्यावरच पुरी होते.

नागपूरच्या 114 जणांची गोष्ट अशी पुरी सांगायची तर पहिल्या प्रश्नाचे उत्तर आधी लिहावे लागेल. ते लिहिण्याचे काम गोवारी समाजाचे एकट्याचे नाही. त्या दिवशी ज्यांच्या दारात तो मोर्चा आला होता, त्या सगळ्या महाराष्ट्राचे ते आहे.