पुलित्झर पारितोषिके आणि विश्वासार्हतेचा प्रश्न

जोसेफ पुलित्झर यांनी मृत्युपत्राद्वारे ठेवलेल्या देणगीतून कोलंबिया विद्यापीठाने १९१७ पासून पत्रकारितेची पारितोषिके देण्यास सुरुवात केली. या पारितोषिकांच्या विश्वासार्हतेला मोठा हादरा बसला तो १९८१ मध्ये. ‘वॉशिंग्टन पोस्ट’च्या जॅनेट कूक यांनी हेरॉइनच्या विळख्यात सापडलेल्या आठ वर्षांच्या ‘जिमी’ची कहाणी लिहिली होती. पोलिसांनी शोध घेऊनही मुलगा सापडला नाही, तरीही लेखाला पारितोषिक मिळाले. कूक यांच्या पदव्यांचा प्रसिद्ध झालेला तपशील जुळेना, तेव्हा संशय बळावला. संपादकांनी खोदून विचारल्यावर त्यांनी जिमी काल्पनिक असल्याची कबुली दिली. पारितोषिक परत करण्यात आले.

वॉल्टर ड्युरांटी यांचे प्रकरण याहून गंभीर आहे. ‘न्यूयॉर्क टाइम्स’च्या या मॉस्को प्रतिनिधीला १९३१ मधील लेखनासाठी १९३२ चे पारितोषिक मिळाले. पुढे युक्रेनमध्ये लाखो माणसे भुकेने मरत असताना त्यांनी दुष्काळच नाकारला. पारितोषिक काढून घेण्याच्या मागणीवर पुलित्झर मंडळाने २००३ मध्ये विचार केला. गौरविलेल्या लेखांत हेतुपुरस्सर फसवणुकीचा स्पष्ट पुरावा नाही, असे सांगून ते कायम ठेवले.

परीक्षकांसमोर प्रसिद्ध झालेला मजकूर असतो. त्यातील माणसे खरी आहेत की नाहीत, हे तपासण्याची पहिली जबाबदारी वृत्तपत्राची. ती पार पडली नाही, तर पारितोषिकाने असत्यालाच प्रतिष्ठा मिळते.