नसलेला ग्रह

सारसोळे हें नेरूळलगतचें कोळ्यांचें गांव. १९७० नंतर त्याच्या भोंवतीं नवी मुंबई उभी राहिली, तरी गांवाचें खाडीशीं असलेलें नातें तुटलेलें नाहीं. पौर्णिमेच्या मध्यरात्रीच्या सुमारास तेथील धक्क्यावर उभें राहिलें म्हणजे उधाणाचें पाणी चढतांना दिसतें. अशाच एखाद्या पौर्णिमेस ग्रहण लागतें. मग मागच्या उंच इमारतींतील सुशिक्षित घरांत दुधादह्यावर तुळशीपत्रें पडतात, आणि गरोदर सुनेस विळीला हात लावूं देत नाहींत. ज्याच्या भयानें हा सारा खटाटोप, तो राहु ग्रह म्हणून आकाशांत कोठेंच नाहीं. जो नाहीं त्यानें आमच्या मनांत दोन हजारांहून अधिक वर्षें ठाण मांडलें, तें कसें, हें पाहण्यासारखें आहे.

ऋग्वेदाच्या पांचव्या मंडलांत स्वर्भानु नांवाचा असुर सूर्यास अंधारानें ग्रासतो व अत्रि ऋषि सूर्याचा शोध लावितात. तेथें राहूचें नांवही नाहीं. महाभारताच्या आदिपर्वांत मात्र राहु देवांचें रूप घेऊन अमृत पितो. सूर्यचंद्र त्याचें बिंग फोडतात. विष्णूचें चक्र त्याचा कंठ छेदितें. अमृत गळ्यापर्यंतच पोंचलेलें असल्यामुळें शीर तेवढें अमर होतें, आणि तें जुन्या वैरापायीं सूर्यचंद्रांस गिळूं पाहतें. धड म्हणजे केतु, ही जोड मागाहूनची. महाराष्ट्रानें ही कथा आपल्याच मातींत रुजविली. नेवाशास मोहिनीराजाचें देऊळ आहे. अमृताची वांटणी तेथेंच झाली अशी श्रद्धा आहे, आणि जवळच्या राहुरीचें नांव लोक राहूशीं जोडतात.

आतां शास्त्राकडे वळूं. आर्यभटानें इ. स. ४९९ च्या सुमारास स्पष्ट सांगितलें कीं, चंद्र सूर्यास झांकतो व पृथ्वीची छाया चंद्रास झांकते. वराहमिहिरानें बृहत्संहितेंत राहु हें ग्रहणाचें कारण नव्हे असें बजावलें. मग पंचांगांत उरला तो राहु कोणता? चंद्राची कक्षा सूर्याच्या भासमान मार्गाशीं सुमारें ५ अंशांनीं कललेली आहे. हे दोन मार्ग जेथें एकमेकांस छेदतात, त्यांपैकीं चंद्र उत्तरेस चढतो तो बिंदु राहु, दक्षिणेस उतरतो तो केतु. पौर्णिमा वा अमावास्या या बिंदूंजवळ घडली तरच ग्रहण होतें. म्हणूनच तें दरमहा होत नाहीं. हे बिंदु उलट्या दिशेनें सरकत सुमारें १८.६ वर्षांत एक फेरा पुरा करितात, म्हणून राहु सदा वक्री. असुराचें शरीर गेलें, नांव राहिलें, आणि तें नांव गणिताच्या उपयोगीं पडलें.

एवढें कळल्यावर वाद मिटावयास हवा होता. पण तसें झालें नाहीं. ब्रह्मगुप्तानें ६२८ मध्यें ब्रह्मस्फुटसिद्धांत रचिला. त्यांत ग्रहणाचें गणित छायेवरूनच आहे. तरीही राहूस नाकारणारे श्रुतिस्मृतींच्या विरुद्ध जातात म्हणून त्यानें त्यांस दोष दिला. पुढें चारशें वर्षांनीं अल्बेरुणीस याचें नवल वाटलें. सॉक्रेटिसावर आला तसा प्रसंग आपणांवर येईल या भयानें तर हा थोर गणिती असें बोलला नसेल ना, अशी शंका त्यानें लिहून ठेविली आहे. ही शंका आम्हांस झोंबते. ब्रह्मगुप्तास निदान भयाची सबब असेल. आम्हांस कोणाचें भय आहे?

ज्ञान आमच्या दाराशीं नव्हतें असेंही नाहीं. याच कोंकणपट्टीवरील नांदगांवच्या गणेश दैवज्ञानें १५२० मध्यें ग्रहलाघव लिहून ग्रहणाचें गणित इतकें सोपें केलें कीं, पंचांगकर्त्यांनीं तो ग्रंथ शतकानुशतकें वापरला. शंकर बाळकृष्ण दीक्षित यांनीं १८९६ मध्यें भारतीय ज्योतिषशास्त्राचा इतिहासच मराठींत आणिला. २२ जानेवारी १८९८ च्या खग्रास सूर्यग्रहणास नॉर्मन लॉकियर विजयदुर्गास आले होते, तर पुण्याचे नायगमवाला जेऊर येथें दुर्बिणी लावून होते. यांतूनही आम्ही सुशिक्षितांनीं एक नवें पुराण रचिलें: हेलियम वायूचा शोध म्हणे १८६८ मध्यें लॉकियर यांनीं विजयदुर्गावर लाविला! वस्तुतः १८६८ मध्यें ते इंग्लंडांतच होते. सूर्याच्या वर्णपटांतील ती पिवळी रेषा त्यांनीं तेथूनच पाहिली. राहूस हंसणाऱ्यांनीं हें ध्यानांत ठेवावें.

समुद्रास मात्र या बिंदूची खरी खबर आहे. राहूच्या फेऱ्याबरोबर चंद्राची उत्तर-दक्षिण धांव बदलते. ती कधीं साडेअठरा अंशांपर्यंत, तर कधीं साडेअठ्ठावीस अंशांपर्यंत जाते. त्यासरशी भरतीच्या मानांतही किंचित् फरक पडतो, आणि भरतीचीं कोष्टकें करणारांस तो हिशोबांत धरावा लागतो. मुंबईस अपोलो बंदरावर १८७८ पासून समुद्राची पातळी मोजलेली आहे. अशा नोंदींतूनच हे सूक्ष्म फेरे पारखतां येतात. सारसोळ्याच्या खाडींत चढणाऱ्या पाण्यावर राहूचा हात आहे, तो एवढाच.

बिंदूस भूक नसते आणि वैरही नसतें. तरी फाटक्या ओंठाचें मूल जन्मलें कीं 'ग्रहण पाळलें नाहीं' म्हणून आईस दोष लागतो. वस्तुतः ओंठाची घडण गरोदरपणाच्या पहिल्या दोन महिन्यांतच होऊन जाते. सारे ग्रह राहु-केतूंच्या एकाच बाजूस आले कीं त्यास काळसर्पयोग म्हणावयाचें, आणि तेवढ्यावरून एखाद्या मुलीचें जुळलेलें लग्न मोडावयाचें. कोळी तिथि पाहतो ती पाण्याचा अंदाज घेण्यासाठीं. पदवीधर घर पंचांग उघडतें तें घाबरण्यासाठीं. यांत अडाणी कोण?

पुढच्या चंद्रग्रहणास घरच्या सुनेस आंत कोंडूं नये. तिला धक्क्यावर न्यावें. चंद्राच्या बिंबावर जी वांकडी काळी कड सरकत येईल, ती आपल्याच पृथ्वीची छाया आहे, एवढें तिला दाखवावें. पाहून झालें म्हणजे घरीं येऊन सर्वांनीं मिळून जेवावें.