बाटलीतला सॉस आणि आपली फोडणी

आज विषय आहे पास्त्याच्या सॉसचा. तुम्ही म्हणाल, हे शहरातलं खूळ आपल्याला कशाला? पण तालुक्याच्या बाजारात आता शेवयांच्या शेजारी पास्त्याची पाकिटं दिसतात, आणि त्यांच्या वरच्या फळीवर लाल सॉसच्या बाटल्या. पोरं हट्ट करतात, सून दिवसभराच्या कामावरून दमून येते, आणि एखाद्या संध्याकाळी ती बाटली घरात येतेच. मग कुणीतरी बोलतं, "आयतं आणलंस होय?" या एका वाक्यापायी बाईला चोरी केल्यासारखं वाटतं. म्हणून या बाटलीचा इतिहास सांगते.

आधी टोमॅटो. हे फळ मूळचं अमेरिका खंडातलं. मेक्सिकोतले लोक त्याला 'तोमात्ल' म्हणत, त्यावरूनच टोमॅटो नाव आलं. आपली मिरचीही तिकडचीच. सोळाव्या शतकात स्पॅनिश लोकांनी टोमॅटो युरोपात नेला. तिथल्या लोकांनी तो बरीच वर्षं शोभेला लावला, खायला ते बिचकत. आपल्याकडेही टोमॅटो समुद्रापलीकडूनच आला. विदर्भातल्या आजीबाई त्याला अजून भेदरं म्हणतात.

इटलीतल्या नेपल्स शहरात अंतोनियो लातिनी नावाचा एक मुदपाकखान्याचा कारभारी होता. त्याने 1690 च्या दशकात लिहिलेल्या पाककृतींच्या पुस्तकात टोमॅटोचा सॉस आहे. टोमॅटो निखाऱ्यावर भाजायचे, साल काढायची, बारीक चिरायचे आणि त्यात कांदा, मिरची, मीठ, तेल, व्हिनेगर घालायचं. ऐकून काय आठवलं? आपली भाजलेल्या टोमॅटोची चटणीच की! हा सॉस तेव्हा उकडलेल्या पदार्थांबरोबर तोंडीलावणं म्हणून असायचा. पास्ता आणि टोमॅटो यांची जोडी पुस्तकांत दिसायला पुढची शंभर वर्षं जावी लागली.

टोमॅटो येतो तेव्हा ढिगाने येतो, आणि हंगाम सरला की मिळत नाही. म्हणून दक्षिण इटलीतल्या बायकांनी त्याचं वाळवण सुरू केलं. सिसिली बेटावर ऑगस्टच्या कडक उन्हात टोमॅटोचा गर लाकडी फळ्यांवर पसरतात, दिवसभर हलवत राहतात, घट्ट लालकाळा गोळा झाला की तेल लावून बरणीत भरतात. गच्चीवर कुरडया-पापड घालणाऱ्या बाईला हे वेगळं सांगायला नको. घरोघरी बाटल्या भरण्याचाही एक दिवस असतो. सगळं घर जमतं, गर गाळून बाटल्यांत भरतात आणि मोठ्या पिंपात पाणी घालून त्या उकळतात.

बंद बाटली उकळली की आतलं अन्न टिकतं, ही युक्ती फ्रान्समधल्या निकोला आपेर नावाच्या मिठाईवाल्याची. 1810 साली तिथल्या सरकारने त्याला त्यासाठी 12,000 फ्रँकचं बक्षीस दिलं. अन्न जंतूंमुळे नासतं, हे लुई पाश्चरने दाखवलं ते त्यानंतर कितीतरी वर्षांनी. म्हणजे कारण माहीत नव्हतं तरी रीत बरोबर होती. 1856 साली इटलीच्या तुरिन शहरात फ्रान्चेस्को चिरिओने मटार टिकवण्याचा कारखाना काढला, आणि पुढे टोमॅटोचे डबेही जगभर जाऊ लागले.

आता बाटलीची खरी गोष्ट. 1880 ते 1920 या 40 वर्षांत इटलीतून सुमारे 40 लाख माणसं पोटासाठी अमेरिकेत गेली, बरीचशी गरीब दक्षिणेतली. तिथे बायकांनीही कपड्यांच्या कारखान्यांत कामं धरली. 25 मार्च 1911 ला न्यूयॉर्कच्या ट्रायअँगल शर्टवेस्ट कारखान्याला आग लागली. दरवाजा कुलूपबंद होता. 146 कामगार गेले, त्यांत 123 बाया आणि मुली. बहुतेक ज्यू आणि इटालियन घरांतल्या. आठवडाभर अशा कारखान्यात राबणाऱ्या बाईने तासन्‌तास सॉस कधी आटवायचा? म्हणून तो बेत रविवारचा झाला. इतर दिवशी जे लवकर होईल ते.

याच गरजेतून बाटली आली. क्लीव्हलंड शहरात एत्तोरे बोयार्दी नावाच्या इटालियन आचाऱ्याची खाणावळ होती. गिऱ्हाइकं सॉस घरी न्यायला मागू लागली, तेव्हा तो दुधाच्या रिकाम्या बाटल्यांत भरून देऊ लागला. 1928 साली त्याने कारखाना काढला. लोकांना नाव उच्चारता येईना, म्हणून डब्यावर ते 'बॉय-आर-डी' असं फोडून लिहिलं. 1946 साली त्याने धंदा मोठ्या कंपनीला विकला.

दुसरी गोष्ट एका बाईची. रॉचेस्टर शहरात असुंता आणि जोव्हानी कांतिसानो हे जोडपं राहत होतं. 1937 साली त्यांनी घरच्या सॉसच्या बरण्या विकायला सुरुवात केली. पाककृती असुंताची. तोच आजचा 'रागू' सॉस. 1969 साली तो एका मोठ्या कंपनीने विकत घेतला. आज त्या नावाच्या बाटल्या खपतात, पण असुंताचं नाव किती जणांना माहीत आहे?

इथे मला आपल्या गिरगावची आठवण येते. 15 मार्च 1959 ला तिथल्या सात जणींनी 80 रुपये उसने घेऊन पापड लाटायला सुरुवात केली. तोच लिज्जत पापड. त्यांनी धंदा विकला नाही. जी लाटते ती मालकीण, हा नियम ठेवला. पापड काय, सॉस काय, घरातली चव बाजारात गेली की प्रश्न एकच असतो: पैसा आणि नाव कुणाकडे राहतं? आपल्या गटांनी हा प्रश्न पहिल्या दिवशी विचारावा, दहा वर्षांनी नाही.

पुढे बाटल्यांमध्येच चढाओढ लागली. 1981 साली 'प्रेगो' नावाचा सॉस आला, पण रागूपुढे मागे पडत होता. कंपनीने हॉवर्ड मॉस्कोविट्झ या चवीच्या अभ्यासकाला बोलावलं. त्याने 45 प्रकारचे सॉस करून गावोगावच्या लोकांना चाखवले. तेव्हा कळलं की जवळपास एक तृतीयांश लोकांना फोडी असलेला जाडसर सॉस हवा आहे, आणि तो कुणी विकतच नव्हतं. लोकांनी कधी मागितलाही नव्हता, कारण असं काही मिळू शकतं हेच त्यांना ठाऊक नव्हतं. चटणी-लोणचं विकणाऱ्या गटांनो, हे लक्षात ठेवा. "कसं हवं?" एवढं विचारून भागत नाही, चार प्रकार चाखायला द्यावे लागतात.

आणखी एक बाई सांगते. मार्चेला हाझान विज्ञान शिकलेली होती. 1955 मध्ये लग्न करून इटलीतून न्यूयॉर्कला आली तेव्हा तिला स्वयंपाक येत नव्हता. शिकत शिकत ती मोठी लेखिका झाली. 1973 साली तिचं पहिलं पुस्तक आलं. त्यातला सॉस अगदी साधा: टोमॅटो, लोणी, मधोमध कापून दोन भाग केलेला कांदा आणि मीठ. मंद आचेवर पाऊण तास शिजवायचं, मग कांदा काढून टाकायचा. लसूणसुद्धा नाही. चव लोणी आणि वेळ यांच्यातून येते.

आता आपली कढई घेऊ. बाटलीतला सॉस बहुधा आंबट-गोड आणि एकसुरी लागतो, कारण तो सगळ्यांसाठी केलेला असतो. त्याला आपलं करायला वीस मिनिटं पुरतात. कालच्या वरणाला आपण वरून फोडणी देतो, तेच इथे करायचं.

तीन-चार माणसांसाठी पाव किलो पास्ता भरपूर पाण्यात मीठ घालून उकळत ठेवा. शेजारी कढईत दोन चमचे तेलावर एक बारीक चिरलेला कांदा सोनेरी परता. मग पाच-सहा पाकळ्या ठेचलेला लसूण मंद आचेवर. लसूण करपला तर सगळं कडू होतं. दोन टोमॅटो किसून घाला आणि तेल सुटेपर्यंत परता. आता बाटलीतला सॉस ओता आणि आठ-दहा मिनिटं उकळू द्या. त्याने कच्चट आंबटपणा जातो. तरी आंबट वाटला तर गाजराचा कीस किंवा गुळाचा लहान खडा.

पास्त्याचं पाणी फेकू नका. त्यात पिठाचा अंश असतो, त्याने सॉस पास्त्याला धरून बसतो. तेच थोडं पाणी बाटलीत घालून हलवा आणि कढईत ओता. मिक्सरचं भांडं आपण विसळून घेतो, तसं. पास्ता किंचित कच्चा असतानाच निथळून सॉसमध्ये टाका, दोन मिनिटं हलवा, गॅस बंद करून चमचाभर लोणी घाला. मीठ शेवटी चाखूनच, कारण बाटलीत ते आधीच असतं. पोरांच्या पोटात काही जावं म्हणून ढोबळी मिरची, उकडलेले हरभरे, पनीर किंवा अंडं घाला. उघडलेली बाटली फ्रिजमध्ये ठेवून थोड्या दिवसांत संपवा. फ्रिज नसेल तर लहान पाकीटच आणा.

काही गट विचारतात, टोमॅटोचा भाव पडला की आपणच बाटल्या भरल्या तर? विचार चांगला आहे. भाव कोसळले की रस्त्यावर ओतलेले टोमॅटो पाहून कुणाचं काळीज हलत नाही? पण घाई नको. टोमॅटोची आंबटपणाची पातळी काठावरची असते. त्यात कांदा, लसूण पडला की ती आणखी उतरते, आणि बंद बाटलीत हवेशिवाय वाढणारा विषारी जंतू धरू शकतो. तो डोळ्यांना दिसत नाही, वासाने कळेलच असं नाही. म्हणून आंबटपणा मोजायला, बाटली नीट उकळायला आणि बंद करायला आधी प्रशिक्षण घ्या, अन्न परवान्याची नोंदणी करा, मग विका.

आणि घरातल्या त्या बोलण्याचं काय? बाटली बायकांच्या आळसातून आली नाही. दिवसभर राबून आलेल्या बाईला संध्याकाळी वेळ उरत नव्हता, त्यातून आली. पुढच्या बैठकीत बचतीच्या वहीशेजारी एक कोरा कागद ठेवा. रोज चुलीपाशी किती तास जातात ते प्रत्येकीने त्यावर लिहा, आणि तो कागद घरच्यांना वाचून दाखवा. ऐकून घरातलं कुणी कांदा चिरायला पुढे आलं, तर मला जरूर कळवा.