कंट्रोलर आणि संगणक : एका जोडणीचा इतिहास

दिवाणखान्यांत दूरचित्रवाणीच्या पेटीखालीं खेळाचें यंत्र, म्हणजे गेम कन्सोल, आणि पलीकडच्या टेबलावर संगणक, अशी मांडणी शहरांतील अनेक घरांतून आज दृष्टीस पडते. एका यंत्राचा कंट्रोलर दुसऱ्यास जोडून खेळावें, अशी इच्छा त्या घरांतील मुलांस झाली तर त्यांत नवल नाहीं. तार नीट बसते, कंट्रोलरवरचा दिवाही लुकलुकतो; पण पडद्यावरचा वीर कांहीं जागचा हालत नाहीं. मग वडील माणसें तारेला दोष देतात, मुलें संगणकाला देतात, आणि दोघांचाही रोख बहुधा चुकलेला असतो. तार बसणें निराळें आणि अर्थ पोंचणें निराळें. हें अंतर कसें पडलें आणि तें भरून काढण्यास कोण पुढें आलें, हें पाहूं गेल्यास यंत्रविद्येच्या इतिहासांतील एक फारसा न चाळलेला कोपरा उजेडांत येतो.

कंट्रोलर हें कन्सोलचें अपत्य असून संगणकानें तें मागाहून उसनें घेतलें, असा सर्वसाधारण समज आहे. इतिहासाची साक्ष नेमकी उलट आहे. १९५८ सालीं अमेरिकेंतील ब्रुकहेवन राष्ट्रीय प्रयोगशाळेंत विल्यम हिगिनबोथम यांनीं पाहुण्यांच्या मनोरंजनार्थ टेनिसचा एक खेळ मांडला. पडदा होता तो ऑसिलोस्कोपचा, गणित करी तो एक अॅनलॉग संगणक, आणि खेळाडूंच्या हातीं होती ती एकेक पेटी. तीवर चेंडूचा कोन ठरविणारी फिरती कळ आणि चेंडू टोलविणारें बटण. कन्सोल ही वस्तु बाजारांत येण्यास त्या वेळीं अजून चौदा वर्षें अवकाश होता.

परंतु आजच्या कंट्रोलरचा खरा पूर्वज शोधावयाचा तर मॅसॅच्युसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजी या संस्थेकडे वळलें पाहिजे. १९६१ सालीं तेथें पीडीपी-१ नांवाचा संगणक आला. स्टीव्ह रसेल व त्यांचे मित्र यांनीं १९६२ च्या आरंभीं त्यावर ‘स्पेसवॉर’ हा खेळ उभा केला : दोन अवकाशयानें, मध्यें एक तारा, आणि एकमेकांवर टॉर्पेडो सोडण्याची मुभा. यानें चालवावयाचीं तीं मात्र संगणकाच्या दर्शनी फळीवरील खटक्यांनीं. हे खटके यंत्राची तपासणी करण्यासाठीं बसविलेले. हातघाईच्या लढाईसाठीं नव्हेत. ते दाबून दाबून खेळाडूंचीं कोपरें दुखूं लागलीं. शिवाय पडदा एका अंगास असल्यामुळें दोघांपैकीं एकास तो सोयीचा व दुसऱ्यास गैरसोयीचा पडे. आणि घाईंत हात भलत्याच खटक्यावर गेला तर रंगलेल्या डावाचा विचका होई. तेव्हां अॅलन कोटॉक व बॉब साँडर्स या दोघांनीं तेथील छोट्या आगगाड्यांच्या हौशी मंडळाच्या सामानांतून सुटे भाग जमविले व तारेनें जोडलेल्या दोन लहान पेट्या तयार केल्या. एक दांडी यान वळविण्यासाठीं, दुसरी त्यास गति देण्यासाठीं, आणि एक बटण मारा करण्यासाठीं. हें बटण मुद्दाम आवाज न करणारें ठेविलें होतें. नाहींपेक्षां त्याची टकटक ऐकूनच प्रतिस्पर्धी सावध व्हावयाचा! इतका बारकावा वरिष्ठांच्या हुकुमानें सुचत नसतो; जो स्वतः हरला आहे त्यालाच तो सुचतो.

१९७२ सालीं राल्फ बेअर यांच्या कल्पनेंतून निघालेला ‘मॅग्नाव्हॉक्स ओडिसी’ हा पहिला घरगुती कन्सोल विक्रीस आला. पुढें १९७७ सालीं अटारी कंपनीचा कन्सोल आला आणि त्याची काळी, एका लाल बटणाची जॉयस्टिक घरोघर पोंचली. तिची रचना शाळकरी मुलालाही उलगडावी इतकी सोपी होती. चार दिशांचे चार खटके व मारा करण्याचा एक. प्रत्येकाची तार स्वतंत्र, आणि परतीची तार सर्वांस मिळून एक. खटका दाबला कीं मंडल पूर्ण झालें. यांत बोली अशी कांहीं नव्हतीच. नुसत्या खुणा होत्या. त्यामुळें कॉमोडोर कंपनीनें १९८२ सालीं आपला प्रसिद्ध ‘कॉमोडोर ६४’ संगणक बाजारांत आणला, तेव्हां त्यासही नऊ खिळ्यांची तीच जोडणी ठेवण्यांत आली. १९८५ च्या ‘अमिगा’नेंही तीच उचलली. कन्सोलची जॉयस्टिक काढून संगणकास लावावी आणि खेळ सुरू करावा, यांत कोणास कांहीं विशेष वाटत नसे. ही सोय कोणत्याही करारानें झालेली नव्हती. रचना स्वस्त होती, सर्वांस ठाऊक होती, आणि ती बदलण्यांत कोणाचा लाभ नव्हता, एवढेंच तिचें रहस्य.

आय.बी.एम. कंपनीनें मात्र वेगळी वाट धरली. १९८१ सालच्या तिच्या पर्सनल कॉम्प्युटरसाठीं जॉयस्टिक जोडण्याचें जें स्वतंत्र कार्ड मिळे, त्यास पंधरा खिळ्यांची जोडणी असून त्याची मोजण्याची पद्धति मोठी चमत्कारिक होती. दांडी जितकी कलावी तितका विजेच्या वाटेंतील विरोध बदले. त्या विरोधांतून विजेचा एक लहानसा सांठा भरावयाचा, आणि तो भरण्यास किती वेळ लागला हें संगणकानें मोजावयाचें. नळाची तोटी किती उघडी आहे हें घागर भरेपर्यंत आंकडे म्हणत ओळखावें, तसाच हा प्रकार. आंकडे म्हणणारा जोंवर एकाच गतीनें म्हणतो तोंवर हिशेब ठीक; पण नवा संगणक दुप्पट वेगाचा आला कीं तीच घागर दुप्पट आंकड्यांत भरूं लागे. म्हणून त्या काळीं खेळ सुरू होण्यापूर्वीं दांडी चारी कोपऱ्यांत फिरवून संगणकास तिची ओळख करून द्यावी लागे. कामकाजाच्या यंत्रावर खेळास दिलेली ही जागा पाहुण्यास दिलेल्या मोडक्या खुर्चीसारखी होती.

तिकडे जपानांत निन्टेन्डो कंपनीनें १९८३ सालीं आपला ‘फॅमिली कॉम्प्युटर’ विक्रीस काढला. गुन्पेई योकोई यांनीं आदल्याच वर्षीं एका छोट्या हातखेळासाठीं योजलेली अधिकचिन्हाच्या आकाराची कळ या यंत्राच्या कंट्रोलरवर आली, आणि उंच दांडीची सद्दी संपत चालली. बदल केवळ बाह्यांगाचा नव्हता. आठ कळांसाठीं आठ तारा नेण्याऐवजीं कंट्रोलरच्या पोटांत एक चकती, म्हणजे चिप, बसविलेली असे. यंत्रानें इशारा केला कीं ती आठही कळांची त्या क्षणाची स्थिति टिपून घेई व एकाच तारेवरून ती क्रमाक्रमानें सांगे. खुणांची जागा आतां भाषेनें घेतली. तारा कमी झाल्या, खर्च वांचला. पण कंट्रोलर त्या एका घरच्याखेरीज दुसऱ्या कोणाशीं बोलेनासा झाला तर नवल काय? पुढें सेगा, सोनी आदि कंपन्यांनींही आपापली भाषा व आपापली जोडणी काढली, आणि ग्राहकानें पदरचे पैसे मोजून घेतलेली वस्तु दुसऱ्या यंत्रापुढें मुकी झाली.

या मुकेपणाचा प्रत्यय आपल्याकडील मुलांसही येऊन गेला आहे. १९९० नंतर शहरांतील घरांतून ‘टीव्ही गेम’ या नांवानें जीं स्वस्त यंत्रें शिरलीं, तीं निन्टेन्डोच्या यंत्राच्या नकला होत्या. मात्र त्यांपैकीं पुष्कळांच्या कंट्रोलरला नऊ खिळ्यांची जोडणी असे. आकारानें ही जोडणी संगणकाच्या पाठीमागें माउससाठीं असलेल्या नऊ खिळ्यांवर चपखल बसे. बसे, पण उपयोग शून्य. कारण तेथील विजेचा दाब निराळा आणि भाषाही निराळी. उलट कंट्रोलर बिघडण्याचीच भीति! कुलपांत किल्ली शिरली म्हणजे ती फिरतेच असें नाहीं.

ही कोंडी फोडली ती पुन्हां हौशी माणसांनींच. संगणकास छपाईयंत्र जोडण्यासाठीं पंचवीस छिद्रांची एक जोडणी असे. तींतील प्रत्येक तारेवर वीज केव्हां सोडावी व केव्हां थांबवावी, हें आज्ञावलीनें ठरवितां येतें, हें या मंडळींनीं हेरलें. कंट्रोलरला लागणारी वीज अत्यल्प. तीही याच तारांवरून मिळूं शके. मग कन्सोलचा कंट्रोलर घ्यावा, त्याच्या तारा डाखून छपाईयंत्राच्या जोडणीस लावाव्या, आणि निन्टेन्डोचें यंत्र विचारी तेच प्रश्न संगणकाकडून विचारवावे, अशी युक्ति निघाली. या कामाच्या आज्ञावलीस ड्रायव्हर म्हणतात. तो एक प्रकारचा दुभाषीच होय. लिनक्स या खुल्या प्रणालीसाठीं असा दुभाषी व्होयटेक पाव्हलिक यांनीं लिहिला, व कोणती तार कोठें जोडावी याचें सविस्तर टिपणही त्यासोबत दिलें. सोनीच्या कंट्रोलरचीही त्यांत सोय होती. हें काम करणाऱ्यांस कोणी कंपनीनें नकाशे पुरविले नव्हते. तारांवरून काय वाहतें हें उपकरणें लावून पाहावयाचें, आणि लिपीतज्ज्ञानें शिलालेख उलगडावा तसें तें उलगडावयाचें, हाच मार्ग होता.

दरम्यान संगणकाच्या जगांतच एक मोठी सुधारणा घडून आली. कळफलकास एक जोडणी, माउसला दुसरी, छपाईयंत्रास तिसरी, हा गोंधळ संपवावा म्हणून सात कंपन्यांनीं एकत्र येऊन १९९६ सालीं यू.एस.बी. ही सामाईक पद्धति जाहीर केली. तिच्या शिल्पकारांत इंटेल कंपनीचे अजय भट्ट यांचें नांव अग्रभागीं येतें. त्यांचें अभियांत्रिकीचें शिक्षण बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठांत झालें, ही गोष्ट गायकवाडांच्या विद्याप्रेमाची महती जाणणाऱ्या मराठी माणसास खचित सुखावील. यू.एस.बी.चा विशेष असा कीं, कळफलक, माउस, कंट्रोलर असलीं हातानें वापरावयाचीं उपकरणें जोडलीं जातांच आपली ओळख स्वतः करून देतात : मला इतकीं बटणें आहेत, इतक्या दांड्या आहेत, आणि मी माझी हकीकत अमुक क्रमानें सांगेन. दुभाष्याचें अर्धें काम यानें उरकलें.

अर्धेंच, कारण कंपन्यांची जुनी संवय सुटली नव्हती. मायक्रोसॉफ्टच्या २००१ सालच्या ‘एक्सबॉक्स’चा कंट्रोलर आंतून यू.एस.बी.च होता, पण त्याच्या जोडणीचा आकार निराळा केलेला. लोकांनीं तार कापून नेहमीची जोडणी लावली, आणि भिंतीची जाडी कागदाएवढीच होती हें उघड झालें. सोनीच्या ‘प्लेस्टेशन ३’चा कंट्रोलर नेहमीच्या तारेनें संगणकास लागे, नांवगांवही सांगे, पण ठराविक सांकेतिक आज्ञा मिळेपर्यंत पुढें चकार शब्द काढीत नसे. आरंभीं वर्णिलेला लुकलुकणारा दिवा आणि न हालणारा वीर तो हाच.

२००५ सालच्या ‘एक्सबॉक्स ३६०’ पासून वारें फिरलें. त्याच्या तारेच्या कंट्रोलरला साधी यू.एस.बी. जोडणी होती, व विंडोजसाठीं त्याचा ड्रायव्हर मायक्रोसॉफ्टनेंच दिला. याबरोबर ‘एक्सइनपुट’ ही नवी पद्धति आली. पूर्वीं बटणांस नुसते अनुक्रमांक असत. तिसरें बटण कोणतें हें प्रत्येक खेळानें खेळाडूस विचारावें लागे. आतां जागा आणि नांवें ठरून गेलीं. खेळ रचणाऱ्यांचें काम इतकें हलकें झालें कीं अनेकांनीं दुसऱ्या पद्धतीचा विचारच सोडला. सोय खरी, पण तिची किंमत इतर कंट्रोलरांनीं मोजली. सोनीचा कंट्रोलर वापरूं इच्छिणाऱ्यास मधें एखादी आज्ञावली बसवून, आपल्या हातांत ‘एक्सबॉक्स’चाच कंट्रोलर आहे असें संगणकास भासवावें लागे. ‘डीएस४विंडोज’ ही अशीच, हौशी मंडळींनीं घडविलेली आज्ञावली. प्रामाणिक वस्तूस वेषांतर करून दरबारांत शिरावें लागावें, हा व्यवहार कांहीं शोभादायक नव्हता.

तो हळूहळू पालटला. खेळ विकणाऱ्या ‘स्टीम’ या व्यवस्थेनें २०१६ च्या डिसेंबरांत सोनीच्या, आणि २०१८ सालीं निन्टेन्डोच्या कंट्रोलरला आपल्या घरांत उघड प्रवेश दिला. २०२१ सालीं तर सोनीच्याच अभियंत्यांनीं लिनक्ससाठीं आपल्या नव्या कंट्रोलरचा दुभाषी लिहून दिला. ज्यांची भाषा एकेकाळीं चोरून शिकावी लागे, त्यांनींच शब्दकोश हातीं ठेवावा, हा बदल लहान नव्हे. तरी एक जुनें भांडण मिटलेलें नाहीं. निन्टेन्डोच्या कंट्रोलरवर ‘ए’ उजवीकडे व ‘बी’ खालीं. मायक्रोसॉफ्टच्या कंट्रोलरवर ‘ए’ खालीं व ‘बी’ उजवीकडे. पडद्यावर ‘ए दाबा’ असें येतें, आणि अंगठा संवयीनें भलतीकडेच जातो!

संगणकास लावलेल्या या वस्तूचें क्षेत्र आतां खेळापुरतें उरलेलें नाहीं. अमेरिकन नौदलाच्या २०१८ सालीं सेवेंत दाखल झालेल्या ‘कोलोरॅडो’ या पाणबुडीवर निरीक्षणस्तंभ फिरविण्यासाठीं ‘एक्सबॉक्स ३६०’चा कंट्रोलर योजला आहे. त्यापूर्वींच्या खास नियंत्रणफळीस सुमारें ३८,००० डॉलर पडत; कंट्रोलर तीस डॉलरांच्या आंत मिळे, आणि तरुण खलाशांस तो शिकवावाही लागत नसे.

परंतु ज्यांच्या दृष्टीनें हा प्रश्न करमणुकीचा किंवा काटकसरीचा नव्हता, असाही एक वर्ग आहे. ज्याच्या एका हातांत बळ नाहीं, किंवा ज्याचीं बोटें वळत नाहींत, त्याला दोन हातांनीं धरावयाचा कंट्रोलर ही बंद दाराची कडी होय. अशांसाठीं पायानें, कोपरानें, हनुवटीनें दाबावयाचे खटके कोणी तरी घरींच, एकेका माणसाच्या शरीराप्रमाणें बनवून देत असे. संगणक आणि कन्सोल यांची भाषा निराळी तेथें असा खटका दोनदां बनवावा लागे. मायक्रोसॉफ्टनें २०१८ सालीं ‘अॅडॅप्टिव्ह कंट्रोलर’ काढला तो कन्सोल आणि विंडोजचा संगणक या दोहोंसही चालतो. तो मांडीवर किंवा टेबलावर सपाट ठेवावयाचा. त्यावर तळव्याएवढीं दोन मोठीं बटणें आहेत, आणि पाठीमागें बाहेरचे खटके जोडण्यासाठीं एकोणीस छिद्रांची ओळ. त्या छिद्रांत भाषा कांहीं नाहीं. साधा खटका लावावा, तो दाबला कीं मंडल पूर्ण होतें, आणि पडद्यावरचा वीर हालतो.